बैल नावाचा मुद्देमाल

गोंदियाच्या बातम्या नियमित वाचणाऱ्यांना एक बातमी एव्हाना पाठ झाली असेल. देवरी किंवा सडक अर्जुनीकडे महामार्गावर रात्री ट्रक अडवला. आत जनावरं कोंबलेली, पाय आखडून बांधलेले, एखाद-दुसरं मेलेलं. चालकावर गुन्हा दाखल, जनावरांची रवानगी गोशाळेत. आणि शेवटच्या ओळीत मुद्देमालाची किंमत. ट्रक इतक्या लाखांचा, बैल इतक्या हजारांचे. बातमी संपली.

मला मात्र प्रश्न तिथून पुढे पडतो. त्या बैलांचं पुढे काय होतं? खटला उभा राहीपर्यंत ते कुणाचे? त्यांना तणस कोण घालतं, त्याचे पैसे कोण देतं, आणि दोन वर्षांनी कुणी मोजायला गेलं तर तितकेच बैल सापडतात का?

आपला जिल्हा मध्य प्रदेश आणि छत्तीसगडच्या सीमेला लागून. मुंबई-कोलकाता महामार्ग इथूनच जातो. त्यामुळे या गाड्या इथे सापडणार हे उघड आहे. आणि गैरसमज नको म्हणून आधीच सांगते, गाडी अडवली याबद्दल माझी अजिबात तक्रार नाही. १९७८ च्या वाहतूक नियमांप्रमाणे साध्या मालट्रकमध्ये सहापेक्षा जास्त गुरं नेता येत नाहीत. तिथे वीस-पंचवीस एकावर एक रचली असतील तर ती क्रूरताच आहे, मग ती कुठेही नेत असोत.

पण कायदा त्या बैलाकडे कसा बघतो पाहा. पंचनाम्यात तो 'मुद्देमाल' असतो. चोरीची सायकल, दारूचे कॅन आणि बैल, सगळे एकाच रकान्यात. फरक इतकाच की सायकल मालखान्यात पडून राहिली तर गंजते. बैल रोज खातो, आजारी पडतो, म्हातारा होतो.

१९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात पहिल्या गुन्ह्याला दंड आहे दहा ते पन्नास रुपये. हो, आजही. आणि सप्टेंबर २०२४ मध्ये राज्य सरकारने नोंदणीकृत गोशाळांना देशी गायीमागे जे अनुदान जाहीर केलं, तेही दिवसाला पन्नास रुपयेच. म्हणजे गुन्ह्याचा जास्तीत जास्त दंड आणि एका गायीचा एका दिवसाचा चारा, हिशेब बरोबर! याच दराने बारा जनावरं दोन वर्षं सांभाळायची तर चार लाख अडतीस हजार रुपये लागतात. खरी शिक्षा दंडात नाहीच, ती या सांभाळण्याच्या बिलात आहे.

हे बिल कुणाचं? गाय, वळू आणि बैल यांच्यासाठी महाराष्ट्राचा गोवंश हत्याबंदीचा कायदा २०१५ पासून लागू आहे. त्यात लिहिलंय की जप्त जनावर खटला चालू असताना जवळच्या गोसदन, गोशाळा किंवा पांजरपोळात ठेवायचं, आणि कोर्ट ठरवेल तो खर्च आरोपीने द्यायचा. आरोपीने. दोषीने नव्हे! आता आरोपी खरोखर तस्कर असेल तर मला त्याचं दुःख नाही. पण बाजाराची पावती खिशात घेऊन शेतीसाठी जोडी नेणारा एखादा शेतकरी त्यात सापडला, आणि तीन वर्षांनी निर्दोष सुटला तर? आपल्या भागातला कठाणी बैल चणीने लहान, पण चिखलाच्या बांधीत चालणारा. रोवणीच्या तोंडावर तो गोशाळेत बांधून राहिला तर चिखलणीला ट्रॅक्टरचं भाडं भरावं लागतं, आणि वर बैलाच्या चाऱ्याचंही बिल येतं.

हा प्रश्न वरच्या कोर्टातही जाऊन आलाय. १९९८ मध्ये गुजरातच्या देवदर पांजरपोळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ताबा कुणाला द्यायचा हे डोळे मिटून ठरवू नका. गुन्हा किती गंभीर, पहिलाच आहे का, जनावर कोणत्या अवस्थेत सापडलं, परत दिलं तर पुन्हा छळ होईल का, हे सगळं बघा. मग २०१७ मध्ये केंद्राने नियम आणले. मालकाने सांभाळण्याच्या खर्चाचा बाँड द्यायचा, नाही जमलं तर जनावरावर पाणी सोडायचं. जानेवारी २०२१ मध्ये आपले नागपूरचे शरद बोबडे सरन्यायाधीश असताना त्यांच्या खंडपीठाने सरकारला सुनावलं, की मूळ कायद्यात जनावर काढून घेणं हे दोष सिद्ध झाल्यावर आहे, नियम त्याच्याविरुद्ध कसे जातात? मला हे मनापासून पटतं. आधी शिक्षा आणि मग निकाल, हे बरं नव्हे.

याचा अर्थ जनावर लगेच मालकाला देऊन टाका असाही नाही. पाय बांधून ट्रकमध्ये रचलेला बैल त्याच माणसाच्या हाती परत देणं म्हणजे पोलिसांनी रात्रभर केलेल्या कामावर बोळा फिरवणं.

पण गोशाळा म्हटलं की प्रश्न सुटला, असं आपण धरून चालतो, ते मला खटकतं. जानेवारी २०२२ मध्ये अमरावती जिल्ह्यात तळेगाव दशासर पोलिसांनी कच्छहून आलेले ५८ उंट ताब्यात घेतले आणि ते अमरावतीच्या गोरक्षण संस्थेत ठेवले. कत्तलीसाठी नेत नव्हतो, असं पशुपालकांचं म्हणणं. ते खरं की खोटं हे बाजूला ठेवू. पण झाडपाला ओरबाडत मैलोन्मैल फिरणारं जनावर गायींच्या आवारात कसं राहणार? भावना चांगली असली म्हणजे जागा योग्य असतेच असं नाही. चांगल्या गोशाळा आहेत, पदरमोड करून चालवणारी माणसं आहेत. त्यांच्याकडेही एकेका रात्री वीस तोंडं वाढली तर ते कुठून आणणार?

मला तीन साध्या गोष्टी सुचतात. एक, वेळ. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत मुद्देमालाचं वर्णन आणि फोटो चौदा दिवसांत, आणि त्याची वासलात लावण्याचा हुकूम पुढच्या तीस दिवसांत, अशी मुदत आहे. ती निदान जिवंत मुद्देमालाला तरी काटेकोर लावा. दोन, मोजणी. जनावरांच्या कानात बारा अंकी बिल्ला असतो. तो नंबर पंचनाम्यात लिहा, नसेल तर तिथेच बिल्ला मारा, आणि सरकारी पशुवैद्यकाने दर महिन्याला मोजून कोर्टाला कळवावं. मेलं तर शवविच्छेदनाचा कागद हवा. तीन, खर्च. खटला संपेपर्यंत तो सरकारने उचलावा, दोषी ठरला तर पैन्‌पै वसूल करावा, निर्दोष सुटला तर दमडीही मागू नये.

आमच्या घरात यावर दोन तट आहेत. एक म्हणतो गोशाळेवर संशय घेणं पाप, दुसरा म्हणतो ज्याचा बैल त्याला द्या आणि मोकळे व्हा. दोघंही माणसांबद्दलच बोलतात. पोळ्याला आपण त्याच बैलाला ओवाळतो, शिंगं रंगवतो, पुरण भरवतो. ट्रकमधून सोडवलेल्या बैलाची तेवढी पूजा नको, पण सहा महिन्यांनी तो कुठे आहे याचं उत्तर एका कागदावर मिळायला हवं. इतकंच मागणं आहे.