कष्टाला खेळाची जोड

विद्यार्थिमित्रांनो, परीक्षा जवळ आली की पुष्कळ मुले पहाटेपासून रात्रीपर्यंत पुस्तकात डोके खुपसून बसतात. डोळे अक्षरांवरून फिरत असतात. मन मात्र केव्हाच शिणलेले असते. पुढे पुढे तर पुस्तक पाहताच कंटाळा येऊ लागतो. अशा मनाला विश्रांती हवी, हे खरे. परंतु खेळकरपणाने मन जितके टवटवीत होते, तितके नुसत्या विश्रांतीने होत नाही, असे मला वाटते.

क्रिकेटचे थोर शिक्षक रमाकांत आचरेकर यांनी हे मर्म ओळखले होते. ते स्वतः प्रथम श्रेणीचा केवळ एक सामना खेळले. परंतु मुंबईच्या शिवाजी पार्कवर त्यांनी अनेक नामवंत खेळाडू घडवले. १९९० साली त्यांना द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला आणि २०१० साली पद्मश्री. २०१९ साली त्यांचे निधन झाले.

त्यांची शिस्त मोठी कडक होती. त्यांचा शिष्य सचिन तेंडुलकर लहानपणी दिवसभर सराव करून थकून जाई. अशा वेळी सर यष्टीवर एक रुपयाचे नाणे ठेवीत. जो सचिनला बाद करील, त्याचे ते नाणे. सचिन नाबाद राहिला, तर ते त्याचे! मैदानावरची सारी मुले त्याला बाद करण्यासाठी सरसावत. पाहता पाहता सचिनचा शीण पळून जाई. अशी १३ नाणी त्याने जिंकली आणि पुढे जगभर कीर्ती मिळाल्यावरही ती जपून ठेवली.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्या. सरांनी सराव कमी केला नाही. त्याला खेळाचे रूप दिले. शिवाय त्या खेळाला मर्यादा होती. तो संपला की पायांना पॅड बांधलेले असतानाच मैदानाभोवती धावावे लागे.

काही वडीलधाऱ्यांना भीती वाटते, की खेळाच्या नादाने अभ्यास बुडेल. ज्या खेळाला शेवट नाही, त्याच्याबाबतीत ही भीती रास्त आहे. परंतु आपल्या नाशिकच्या गोल्फ क्लब मैदानावर घटकाभर खेळून, दिवेलागणीला ताज्या मनाने पुस्तक उघडणाऱ्या मुलाने वेळ वाया घालवला, असे कसे म्हणावे?

म्हणून मित्रांनो, भूगोल वाचून कंटाळलात, तर गावांच्या नावांच्या भेंड्या लावा. पाढे रुक्ष वाटले, तर चेंडूच्या टप्प्यांवर म्हणा. कष्ट टाळू नका. ते हसतमुखाने करायला शिका.