माळ्यावरची कॅसेट



आपल्यापैकी अनेकांच्या घरी पत्र्याच्या पेटीत किंवा माळ्यावर एखादी व्हिडिओ कॅसेट पडून असेल. कुणाच्या मंगल परिणयाची, विहाराच्या उद्घाटनाची, चौदा एप्रिलच्या मिरवणुकीची. ती भंगारात देण्यापूर्वी एवढे वाचा.

१९८५ साली आनंद पटवर्धन यांनी मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवर ‘हमारा शहर’ हा माहितीपट केला. त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. दहा जण मृत्युमुखी पडले. तो आघात सहन न होऊन चार दिवसांनी घोगरे यांनी आपले जीवन संपविले. त्यानंतर पटवर्धन यांनी सुरू केलेले काम सुमारे चौदा वर्षे चालले आणि २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ लोकांसमोर आला. त्यात शाहिरांचे ते जुने चित्रण पुन्हा दिसते. माणूस गेला, पण फीत जपलेली होती म्हणून आवाज उरला.

जुने चित्रण वापरणे म्हणजे नुसते तुकडे जोडणे नव्हे. ते कोणी, कुठे, कोणत्या दिवशी घेतले, हे आधी शोधावे लागते. घेणाऱ्याची परवानगी लागते. मूळ फीत जपून ठेवून तिच्या प्रतीवर काम करावे लागते. एका मोर्चाचे दृश्य दुसऱ्याचे म्हणून दाखविले, तर पाहणारा फसतो. गोळीबारासारख्या प्रसंगात तर आधी काय घडले आणि नंतर काय, यावरच खरे-खोटे ठरते.

आपल्या कॅसेटचेही तसेच आहे. पावसाळ्याच्या दमटपणाने फितीला बुरशी धरते. व्हीसीआर बनविणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीनेही २०१६ साली ते काम थांबविले; चालू यंत्र मिळणे कठीण होत चालले आहे. म्हणून जाणकाराकडून प्रत संगणकावर उतरवून घ्या, ती दोन ठिकाणी ठेवा, आणि मूळ कॅसेट फेकू नका.

मग एखाद्या रविवारी आजी-आजोबांना शेजारी बसवून ती पाहा. हा कोण, गाव कोणते, साल कोणते, हे मुलांना वहीत लिहायला सांगा. फितीत चेहरा राहतो. त्याचे नाव सांगणारे मात्र कायमचे नसतात.