जाहिरात छापणाराही जबाबदार

‘मधुमेह मुळासकट बरा! गुण न आल्यास पैसे परत.’ अशा जाहिराती आपल्याकडे बेकायदा आहेत. १९५४ च्या औषधे व जादुई उपचार (आक्षेपार्ह जाहिराती) कायद्याच्या अनुसूचीत मधुमेह, कर्करोग, उच्च रक्तदाब आहेत; ते बरे करण्याचा दावा जाहिरातीत करताच येत नाही. तरी धंदा जोरात आहे, कारण जुनाट, खर्चिक दुखणे माणसाला अगतिक करते.

कधी कधी ‘गुण’ येतोही. सांधेदुखीच्या ‘आयुर्वेदिक’ पुडीत छुपे स्टेरॉइड सापडल्याची उदाहरणे आहेत. वेदना थांबतात, हाडे मात्र ठिसूळ होतात, रक्तातली साखर वाढते. ‘इन्सुलिन सोडा’ हा सल्ला तर टाइप-१ मधुमेह असलेल्या मुलाचा काही दिवसांत जीव घेऊ शकतो.

हा कायदा विक्रेत्यापुरता नाही. जाहिरात प्रसिद्ध करण्यात भाग घेणाऱ्यालाही तो लागू होतो. पानभर उत्पन्नाच्या मोहात आम्ही नियतकालिकवाले हे सोयीस्करपणे विसरतो. तेव्हा वाचकहो, अशी जाहिरात आमच्या अंकात दिसली तर आम्हाला जाब विचारा; इतरत्र दिसली तर तिचे कात्रण अन्न व औषध प्रशासनाकडे पाठवा.