शाहिराला शाल, डीजेला सुपारी : ‘कास्टलेस कलेक्टिव्ह’कडून आपण काय शिकणार?

गेल्या १४ एप्रिलनंतर आमच्या वस्तीतल्या जयंती मंडळाचा हिशेब लिहायला बसले होते. डीजेवाल्याला सत्तर हजार, तेही आगाऊ. रात्री दोन तास गाणाऱ्या शाहिरांना शाल, पुष्पगुच्छ आणि पाकिटात अकराशे रुपये. स्टेजवरून उतरताना ढोलकीवाल्या दादांनी हळूच विचारलं, “ताई, गाडीभाडं वेगळं आहे ना?” वेगळं नव्हतं. त्या मंडळात मीही आहे, त्यामुळे ही तक्रार आधी माझ्याविरुद्ध आहे.

तेव्हापासून चेन्नईचा एक बँड डोक्यातून जात नाही. ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’. ‘मद्रास’, ‘कबाली’, धारावीवरचा ‘काला’ हे सिनेमे करणारे पा. रंजित यांच्या नीलम कल्चरल सेंटरने संगीतकार तेन्मा यांच्या साथीने हा बँड उभा केला. जानेवारी २०१८ मध्ये चेन्नईत त्यांचा पहिला कार्यक्रम झाला. नावामागे अयोती दास पंडितांचा ‘जातिभेदविरहित तमिळ’ हा विचार आहे. हे तेच पंडित, ज्यांनी १८९८ मध्ये, म्हणजे आपल्या धम्मदीक्षेच्या ५८ वर्षं आधी, तमिळ भूमीत शाक्य बौद्ध संघाची स्थापना केली.

बँड वाजवतो काय? उत्तर चेन्नईच्या वस्त्यांतला ‘गाना’. मयताच्या घरी रात्रभर गायला जाणारा, म्हणून सभ्य लोकांनी नाक मुरडलेला. त्याला रॉकची गिटार आणि रॅपची जोड. सोबत पराई, म्हणजे ज्या वाद्यावरून एका जातीला नाव पडलं आणि जातीमुळे ज्या वाद्याला विटाळ लागला ते. हलगीचा इतिहास ठाऊक असलेल्याला हे वेगळं सांगायला नको. हे सगळं त्यांनी चेन्नईच्या स्टेजवर आणलं आणि आरक्षणावर, बाबासाहेबांवर गाणी केली. सुरुवातीच्या १९ जणांत बाई मात्र एकच होती, गाना गायिका इसैवाणी. पुढे २०२० मध्ये बीबीसीच्या १०० महिलांच्या यादीत तिचं नाव आलं. १९ मध्ये एक, हे प्रमाण आपल्या गायन पार्ट्यांनीही आरशात पाहावं.

आता मुद्द्याची गोष्ट. याच बँडमधला अरिवू हा कवी आणि रॅपर. २०२१ मध्ये त्याने गायिका धी हिच्याबरोबर ‘एन्जॉय एन्जामी’ केलं. शब्द त्याचे, आणि त्यांच्यामागे चहामळ्यात राबलेल्या आजीचं आयुष्य. गाणं जगभर गाजलं. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये रोलिंग स्टोन इंडियाच्या मुखपृष्ठावर मात्र तोच नव्हता. रंजित यांनी जाहीर निषेध केला, गदारोळ झाला, मग अरिवूचं वेगळं डिजिटल मुखपृष्ठ निघालं. पैशाचं काय? संगीतकार संतोष नारायणन यांनी २०२४ मध्ये जाहीरपणे सांगितलं की या गाण्यातून एक पैसाही हाती आलेला नाही.

दोन्ही प्रसंग शेजारी ठेवा. जिथे मंच आपला होता, तिथे गायकाचं नाव बँडच्या नावाइतकंच ठळक होतं. मंच दुसऱ्याचा झाला, तेव्हा ज्याचे शब्द तोच चौकटीबाहेर गेला. माणूस तोच, प्रतिभा तीच. फरक मालकीचा. वस्तीच्या भाषेत, गाणं आपलं, गल्ला दुसऱ्याचा.

काही कार्यकर्ते म्हणतील, “ताई, गाणं हे मिशन आहे, धंदा नव्हे.” मान्य. भीमराव कर्डकांच्या जलशांनी आणि वामनदादांच्या आयुष्यभराच्या पायपिटीने चळवळ गावोगाव नेली, ती पैशासाठी नव्हे. पण त्यांचा त्याग हा त्यांचा मोठेपणा होता. आपण तो कलावंतांचा दर ठरवून टाकला. मिशनलाही पोट असतं. आणि गंमत पाहा, मिशनची आठवण आपल्याला शाहिराचं पाकीट भरतानाच होते, डीजेची सुपारी देताना होत नाही.

रंजित यांच्यासारखा दिग्दर्शक आपल्याकडे कुठून आणायचा, असंही कुणी विचारेल. खरंय. एका यशस्वी माणसाच्या बळावर उभ्या राहिलेल्या कामाला त्या माणसाची मर्यादा पडतेच. पण जयंतीची वर्गणी आपल्याकडे दरवर्षी जमते. तेच आपलं भांडवल.

म्हणून पुढच्या जयंतीसाठी आमच्या मंडळापुढे मी तीन ठराव ठेवणार आहे. शाहिरांचं मानधन आधी ठरेल, गाडीभाडं वेगळं असेल. कार्यक्रमाचं रेकॉर्डिंग कलावंताच्याच चॅनलवर जाईल, कवीच्या नावासकट. आणि वस्तीतल्या दोन मुलींना हलगी-ढोलकी शिकवण्याचा खर्च मंडळ उचलेल. पैसे डीजेच्या रकमेतून निघतील. भांडण होईल, होऊ द्या.

तुमच्या मंडळाची हिशेबाची वहीही एकदा उघडून पाहा. आपली चळवळ कुणाला किती मोजते, ते भाषणात नाही, तिथेच लिहिलेलं असतं.

जयभीम!