मजुरीचा रकाना

वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी मला कुणी कणीक मळायला शिकवेल आणि त्यासाठी मी आठ हजार रुपये मोजेन, असं कुणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यातच काढलं असतं. पण झालं खरं तसं.

माझी लेक दोन वर्षांसाठी इटलीत बोलोन्या शहरात शिकते आहे. ऑक्टोबर २०२५ मध्ये मी बारा दिवस तिच्याकडे गेले. जाताना बॅगेत भाजणी, मेतकूट, गोडा मसाला असा सगळा जामानिमा. दुसऱ्याच दिवशी ती म्हणाली, "आई, शनिवारी तुझा क्लास लावलाय. एका बाईंच्या घरी, पास्त्याचा." भाव विचारला तर माणशी ऐंशी युरो! मनातल्या मनात शंभरानं गुणलं (परदेशात गेल्यावर आपला हाच एक उद्योग असतो) आणि म्हटलं, "एवढ्यात आपला महिन्याचा किराणा येतो. रद्द कर." पैसे परत मिळणार नव्हते, म्हणून गेले.

जुन्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर घर. दार उघडलं ते साठी ओलांडलेल्या, एप्रन बांधलेल्या बाईंनी. स्वयंपाकघर माझ्या स्वयंपाकघराएवढंच. ओट्याशेजारी मोठं टेबल, त्यावर लाकडी फळी आणि जवळजवळ हातभर लांब लाटणं. आम्ही सहाजण शिकाऊ. एक अमेरिकन जोडपं, दोन कोरियन मुली आणि आम्ही मायलेकी. बाई बोलायच्या इटालियन, मध्येच थोडं इंग्रजी, आणि लेक मला मराठीत सांगायची.

कृती म्हणाल तर अगदी साधी. शंभर ग्रॅम बारीक, मैद्यासारखं गव्हाचं पीठ आणि त्याला एक अंडं. पाण्याचा थेंब नाही. पिठाचं आळं करायचं, त्यात अंडं फोडायचं आणि तळहाताच्या टाचेनं दहा-पंधरा मिनिटं रगडायचं. मग अर्धा तास झाकून ठेवायचं. इथवर मी निर्धास्त होते. म्हटलं, लाटायची वेळ येऊ दे, मग दाखवते यांना!

आली वेळ, आणि माझीच फजिती झाली. आपण पोळी फिरवत फिरवत लाटतो. त्या बायका लाटलेली पारी लाटण्यावर गुंडाळून घेतात आणि दोन्ही तळव्यांनी बाहेरच्या बाजूला ताणत नेतात. माझी पारी गोल झाली, पण कडेला पातळ आणि मध्ये जाड. आपल्याकडे कडा पातळ लाटणारीला सासू नावाजते. तिथे मात्र बाईंनी बोट ठेवलं ते नेमकं मध्यावर. त्यांची स्वतःची पारी त्यांनी खिडकीपुढे धरली, तर पलीकडची छपरं दिसत होती. बोलोन्यात म्हणतातच की पारीतून टेकडीवरचं सान लुकाचं देऊळ दिसलं पाहिजे. या कामात मुरलेल्या बाईला तिथे वेगळं नावच आहे, 'स्फोल्यिना', म्हणजे पारी लाटणारी. आपल्याकडे पोळ्या लाटणाऱ्या बाईला आपण 'पोळ्यावाली' म्हणतो, पण म्हणताना आवाज कसा असतो ते आठवून बघा.

त्या पारीच्या पट्ट्या कापल्या की झाली 'ताल्यातेल्ले'. या पट्टीच्या रुंदीची १९७२ साली बोलोन्याच्या व्यापार मंडळात रीतसर नोंद झाली आहे. शिजल्यावर आठ मिलिमीटर, म्हणजे शहरातल्या आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा १२,२७०वा भाग! नमुना म्हणून सोन्याची पट्टीसुद्धा ठेवली आहे. ऐकून मी आधी हसले. मग वाटलं, घरातल्या बाईच्या हाताचं माप कुणीतरी सोन्यात करून ठेवलंय, यात हसण्यासारखं काय आहे?

शाकाहारी मैत्रिणींसाठी दोन गोष्टी सांगते. उत्तरेकडच्या या ताज्या पास्त्यात अंडं असतंच. दक्षिणेत रवाळ पीठ आणि पाणी एवढ्यावर करतात, तो चालेल. आणि ते प्रसिद्ध पार्मेजान चीज मूळ इटालियन असेल तर वासराच्या जठरातल्या रेनेटनं विरजलेलं असतं. मला हे तिथे गेल्यावर कळलं. तिथली खरी शान म्हणजे मांस घालून तासन्‌तास शिजवलेली 'रागू', पण आम्ही आधीच कळवल्यामुळे बाईंनी आम्हाला टोमॅटो-बेसिलचा सॉस केला. शिवाय रिकोटा, म्हणजे मऊ पनीरासारख्या चीजचं सारण भरून 'तोर्तेल्लोनी' करायला लावली. आत हवा राहिली की पाण्यात फुटतात, हे त्या सांगत होत्या आणि मी मान डोलावत होते. तळणीत फुटलेली करंजी बघितलेल्या बाईला हे काय समजावायचं!

कणीक झाकून ठेवली होती त्या अर्ध्या तासात कॉफी झाली. तेव्हा मी तो प्रश्न विचारला. आगाऊच होता, पण राहवेना. "पीठ-अंडी तर दोन-तीन युरोंची असतील. मग ऐंशी कसे?" लेकीनं डोळे वटारले, पण भाषांतर केलं. बाई मुळीच रागावल्या नाहीत. बोटं मोजत म्हणाल्या, "बाजारात जाण्याचा एक तास. तयारीचे दोन. शिकवण्याचे तीन. तुम्ही गेल्यावर भांडी आणि फरशी, एक तास. शिवाय कर." मग फळीवरचं पीठ झटकत म्हणाल्या, "पीठ दुकानात मिळतं. तुम्ही माझे हात बघायला आलात."

त्यानंतरचा क्लास मी केला, पण मन आमच्या बचत गटाच्या वहीत अडकलं होतं. ती वही माझ्याकडे असते. होळीच्या पुरणपोळ्यांचा हिशेब मीच लिहिते. २०२५ च्या होळीला चारशे पोळ्या गेल्या, पंचवीस रुपयांना एक. डाळ, गूळ, कणीक, तूप, गॅस, पिशव्या धरून अठरा रुपये खर्च. उरलेले सात. चारशे गुणिले सात, अठ्ठावीसशे. दहाजणींत सारखे वाटले, प्रत्येकीला दोनशे ऐंशी. आमच्यातल्या एक काकू पहाटे चार ते दुपारी बारा ओट्याशी उभ्या होत्या. एकट्यांनी दीडशे पोळ्या केल्या. त्यांच्याही हातावर दोनशे ऐंशी, आणि वही सांभाळणाऱ्या माझ्याही. मी वर्षानुवर्षं गॅसचा खर्च धरत आले, प्लास्टिकच्या पिशवीचा धरत आले. काकूंच्या हातांचा रकानाच आखला नव्हता. बी.ए.ला अर्थशास्त्र होतं मला!

तिकडे सगळं आलबेल आहे असं मुळीच नाही. 'आजीच्या हातची चव' म्हणून पर्यटकांना जी विकली जाते, त्या आजीला चुलीपासून सुटका होती का, हे कुणी विचारत नाही. पेल्लेग्रीनो आर्तुसी या गृहस्थांनी १८९१ मध्ये स्वतःच्या खर्चानं पाककृतींचं पुस्तक छापलं. इटालियन घराघरांत ते गेलं. पण त्यांच्या स्वयंपाकघरात कृती करून बघायचं काम मारिएत्ता साबातीनी आणि फ्रांचेस्को रुफिल्ली यांचं. आर्तुसींनी एक गोष्ट चांगली केली. एका कृतीला मारिएत्ताचं नाव दिलं आणि मृत्युपत्रात पुस्तकाचे हक्क या दोघांना दिले. त्यांच्या गावी, फोर्लिंपोपोलीला, २००७ पासून स्वयंपाकाची शाळा आहे आणि तिथे शिकवणाऱ्या स्वयंसेविकांना 'मारिएत्ते' म्हणतात. नाव मालकांचं नाही, स्वयंपाकिणीचं!

घरगुती क्लासलाही तिकडे आता संघटनेचं बळ आहे. २००४ साली बोलोन्यातच 'चेझारीने' नावाचं घरगुती स्वयंपाकिणींचं जाळं सुरू झालं, ते आज इटलीभर आहे. कायद्याचं दुखणंही आहेच. दक्षिणेत बारी शहराच्या एका बोळात बायका दारापुढे टेबलं मांडून कानाच्या पाळीसारखा पास्ता वळतात आणि विकतात. २०१९ मध्ये तिथल्या एका हॉटेलात असा लेबल नसलेला पास्ता सापडला, दंड झाला, आणि बोळातल्या बायकांना धास्ती बसली की आता आपल्यालाही पावत्या नि परवाने मागणार. म्हणून सांगते, घरून पदार्थ विकत असाल तर अन्न परवान्याची नोंदणी आधी करून घ्या. आम्ही टाळाटाळ केली आणि एक दिवाळी हातची गेली.

मी परत आले आणि डिसेंबरात बातमी वाचली. दिल्लीत लाल किल्ल्यात युनेस्कोच्या समितीची बैठक होती. १० डिसेंबर २०२५ ला आपली दिवाळी आणि इटलीचा स्वयंपाक, दोन्ही मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेले. टीव्हीवर टाळ्या, रोषणाई, भाषणं. मी सोफ्यावर बसून विचार करत होते की वारसा झाला तो, पण चकल्या पाडणारीला तासाला काय?

म्हणून जानेवारीच्या बैठकीत मी वहीत नवा रकाना आखला. 'मजुरी, तासाला सत्तर रुपये.' पोळीचा भाव पस्तीस. वादळ उठलं! एक वहिनी म्हणाल्या, "गावातल्या गावात ओळखीच्यांकडून एवढे घ्यायचे? लोक काय म्हणतील?" दुसरी म्हणाली, "इटली बघून आलात म्हणून का ताई?" ती बोच खरी होती, कारण इथे काकूंना बघूनच मला हे सुचायला हवं होतं. तीन बैठका झाल्या. दोघीजणी अजून माझ्याशी धड बोलत नाहीत. होळीला चारशेच्या तीनशे दहाच पोळ्या गेल्या, हेही लपवत नाही. नव्वद पोळ्यांची गिऱ्हाइकं स्वस्ताच्या दुकानात गेली.

होळीच्या दुपारी काकूंच्या नावापुढे मी लिहिलं, आठ तास, पाचशे साठ रुपये. काकूंनी चष्मा लावून दोनदा वाचलं. मग हलकेच म्हणाल्या, "अगं, मध्ये मी चहा प्यायला बसले होते. ती दहा मिनिटं काप की."