कॅमेरा किती दिवस थांबतो?

कॅमेरा आम्हाला नवा नाही. हिंगोली जिल्ह्यात पाणी आटलं की तो येतो, अत्याचार झाला की पुढाऱ्याच्या जीपमागं येतो. भेगाळलेली टाच, रडणारी बाई, नागडं पोर टिपून तासाभरात परत. बाई काय म्हणत होती ते कुणाच्याच ध्यानात नसतं. याला म्हणे माणसाचं जवळून चित्रण! थू असल्या जवळिकीवर.

म्हणून आनंद पटवर्धनांच्या 'जय भीम कॉम्रेड'बद्दल (२०११) मला बोलायचंय. आडनाव ऐकून आमच्यातली काही पोरं नाक मुरडतात. मुरडा, पण आधी तो तीनेक तासांचा चित्रपट बसून बघा. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, जमलेल्या आपल्या माणसांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. दहा जण मेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेनं डोक्याला निळी पट्टी बांधून गळफास घेतला. हा विलास पटवर्धनांच्या १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये गायलेला. ओळखीचा माणूस गेला होता. तिथून पुढं चौदा वर्षं कॅमेरा वस्त्यांत जात राहिला.

एवढ्या वर्षांत माणसं कॅमेऱ्यापुढं नुसती रडत नाहीत. गातात, हसतात, वाद घालतात. जमाव टँकर पेटवणार होता ही पोलिसांची कहाणी उघडी पडते, आणि आपले पुढारी कुणाच्या मांडीला मांडी लावून बसले तेही दिसतं. 'हमारा शहर'मध्ये तर झोपडपट्टीतली एक बाई चित्रण करणाऱ्यालाच झापते: गरिबांची चित्रं काढून तुमचं नाव होणार, आमचं काय? तो तुकडा पटवर्धनांनी कापला नाही. मला तो सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

आता आपल्या दाराशी या. जुलै १९७८ ला विद्यापीठ नामांतराचा ठराव झाला आणि मराठवाडाभर आपल्या वस्त्या जळाल्या. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यात होती. शेजारी नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळे यांचा खून झाला. नामविस्ताराला १४ जानेवारी १९९४ उजाडलं. ज्यांनी ते दिवस भोगले ती माणसं आता सत्तरी-ऐंशीत आहेत, एकेक करून चाललीत.

पोरांच्या खिशात मोबाईल आहे. तो निघतो १४ एप्रिलच्या डीजेपुढं. तोच घेऊन आजीकडं जा. पहिल्या दिवशी खिशातून काढूच नका. तिच्यासोबत हळदीच्या रानात जा, हात चालू झाले की ती आपोआप बोलंल. 'कसं वाटलं?' असला वार्ताहरी प्रश्न नको. तिनं शिवी दिली तर ती राहू द्या, 'बंद कर' म्हणाली तर मुकाट बंद करा. आणि झालेलं चित्रण आधी तिच्याच वस्तीत, समाजमंदिराच्या भिंतीवर दाखवा.

वसमत, कळमनुरी, सेनगाव, औंढा, हिंगोली: कोण कुठल्या गावात बसणार ते आम्हाला कळवा. गावातली सगळ्यात म्हातारी बाई आधी.