विश्लेषण : विश्रांतीचा तास नेमका कोणाचा?

तिरुप्पनंदाळ (तमिळनाडू) : दुकान सकाळी नऊला उघडते आणि रात्री नऊला बंद होते. तेथील कामगार बारा तास दुकानाशी बांधलेला असतो. हजेरीपत्रकात मात्र कामाचे तास आठच भरतात. कुंभकोणमजवळील तिरुप्पनंदाळसारख्या मंदिर आणि काशी मठामुळे ओळखल्या जाणाऱ्या गावात असो की महानगरातील बाजारपेठेत, हे गणित कायद्यात बसते की नाही, याचे उत्तर एकाच गोष्टीवर अवलंबून आहे : उरलेले चार तास कामगाराला खरोखर मोकळे मिळाले का?

तमिळनाडूत दुकानांना १९४७ चा दुकाने व आस्थापना कायदा लागू आहे. त्यानुसार दिवसाला ८ आणि आठवड्याला ४८ तास काम, सलग ४ तासांनंतर किमान एक तास विश्रांती आणि विश्रांती धरून एकूण कालावधी १२ तासांच्या आत, अशी रचना आहे. जादा काम धरूनही दिवसाला १० तासांपलीकडे जाता येत नाही आणि जादा तासांना दुप्पट दर द्यावा लागतो. म्हणजेच बारा तासांत प्रत्यक्ष विश्रांती एकच तास मिळाली असेल, तर काम अकरा तासांचे झाले. हा हिशेबातील किरकोळ फरक नव्हे, तर कायद्याचा भंग ठरतो.

महाराष्ट्राच्या २०१७ च्या कायद्यात दहा किंवा अधिक कामगारांच्या आस्थापनांसाठी दिवसाची मर्यादा ९ तास आणि पाच तासांनंतर अर्ध्या तासाची विश्रांती ठरली. ३ सप्टेंबर २०२५ रोजी राज्य मंत्रिमंडळाने वीस किंवा अधिक कामगारांच्या दुकानांसाठी ही मर्यादा १० तासांवर आणि कारखान्यांसाठी १२ तासांवर नेण्यास मंजुरी दिली. कामाचा दिवस जितका लांबतो, तितके विश्रांतीच्या नोंदीचे महत्त्व वाढते.

विश्रांतीचे वेतन मिळत नाही, एवढ्यावर हा प्रश्न संपत नाही. मासिक पगार घेणाऱ्याच्या बाबतीत विश्रांतीची वेळ जादा काम कोठून सुरू होते, हे ठरवते. समजा, तमिळनाडूतील एखाद्या दुकानातील कामगाराचा रोज ४८० रुपये, म्हणजे तासाला ६० रुपये आहे. तो नऊ तास हजर असतो आणि संगणकप्रणाली जेवणाचा एक तास आपोआप वजा करते. त्यातील अर्धा तास तो गल्ल्यावर बसूनच गिऱ्हाईक सांभाळत असेल, तर तो अर्धा तास जादा कामाचा आहे. महिन्याच्या २६ दिवसांत असे १३ तास होतात आणि दुप्पट दराने त्यांचे १,५६० रुपये. तीन दिवसांहून अधिक मजुरी एका स्वयंचलित वजाबाकीत नाहीशी होते.

दुसरी चूक त्याहून साधी आहे. सात तास ४५ मिनिटे म्हणजे ७.७५ तास; अनेकदा तक्त्यात ते ७.४५ असे लिहिले जातात. रोज १८ मिनिटे बुडतात आणि महिन्याला जवळपास एका दिवसाचे काम हिशेबाबाहेर राहते.

अर्ध्या तासाचा हा झगडा नवा नाही. मुंबईतील गिरणी कामगारांच्या वतीने नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये मांडलेल्या मागण्यांत रविवारच्या सुट्टीबरोबर दुपारच्या अर्ध्या तासाच्या विश्रांतीचाही समावेश होता. अलीकडे, एप्रिल २०२० मध्ये गुजरात सरकारने कारखान्यांना बारा तासांची मुभा देताना जादा कामाचा दुप्पट दर वगळला. सर्वोच्च न्यायालयाने १ ऑक्टोबर २०२० रोजी ती अधिसूचना रद्द केली. तमिळनाडूनेही एप्रिल २०२३ मध्ये कामाच्या तासांत लवचीकता आणणारे विधेयक संमत केले. विरोध वाढताच मुख्यमंत्री एम. के. स्टॅलिन यांनी १ मे रोजी ते मागे घेत असल्याचे जाहीर केले. याच राज्याने २०२१ मध्ये दुकानातील कामगारांना बसण्याची सोय देणे बंधनकारक केले होते. मात्र बसायला मिळणे आणि विश्रांती मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. गिऱ्हाईक आले की उठावे लागत असेल, तर तो वेळ कामाचाच.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता अमलात आल्या. व्यावसायिक सुरक्षा संहितेत दिवसाला आठ तासांची मर्यादा आहे, तर वेतन संहितेत जादा कामाला किमान दुप्पट दराची तरतूद आहे. मात्र पहिली संहिता साधारणपणे दहा किंवा अधिक कामगारांच्या आस्थापनांसाठी आहे. दोन-चार कामगारांवर चालणाऱ्या गावोगावच्या दुकानांत तासांचा प्रश्न मुख्यतः राज्याच्या कायद्यावर आणि मालकाच्या वहीवर सोपवलेला राहतो.

त्यामुळे सुधारणेची सुरुवात त्या वहीपासूनच होऊ शकते. येण्या-जाण्याच्या वेळेबरोबर विश्रांतीला जाण्याची आणि परतण्याची वेळ नोंदवणे, विश्रांतीत काम पडल्यास वजावट रद्द करणे आणि वेतनचिठ्ठीवर जादा तास स्वतंत्र दाखवणे, यांपैकी कशालाही मोठा खर्च नाही. ही नोंद मालकालाही तंटा उद्भवल्यास पुरावा म्हणून उपयोगी पडते. नोंदच नसेल, तर बुडालेला अर्धा तास सिद्ध करण्याचे ओझे बहुतेक वेळा ज्याचा तो बुडाला त्याच्याच खांद्यावर येते.